आमच्या हातचे सूप : एका धंद्याचा इतिहास

विहाराच्या वर्धापनदिनाची स्मरणिका काढायचे ठरले तेव्हा मंडळाच्या बैठकीत लेखांची वाटणी झाली. कोणी धम्मदीक्षेवर लिहायचे, कोणी माता रमाईवर, कोणी वाडीतल्या शिक्षणाच्या प्रगतीवर. वाडीच्या कामधंद्याचा इतिहास हा विषय आमच्या वाट्याला आला. त्यावर मागे बसलेल्या एका काकांनी लगेच विचारले, "आपलो कसलो धंदो नि कसलो त्येचो इतिहास?" सगळे हसले. आम्हीही हसलो. पण घरी येईपर्यंत तो प्रश्न काही डोक्यातून गेला नाही.

दुसऱ्या दिवशी विहाराचे जुने कपाट उघडून पहिल्या बांधकामाच्या वर्गणीची वही काढली. कागद पिवळे पडलेले, कडा वाळवीने खाल्लेल्या. मुंबईकर मंडळींच्या नावापुढे रुपये आहेत. गावात राहिलेल्यांच्या नावापुढे मात्र कुठे "श्रमदान", कुठे "चिरे वाहून आणले", आणि सात-आठ घरांपुढे अशी नोंद आहे : "सुपे नग २, विकून जमा", "रोवळ्या नग ३, विकून जमा", "हारा नग १". म्हणजे ज्या विहारात आपण दर पौर्णिमेला वंदना घेतो त्याच्या भिंतीत सुपांचे आणि रोवळ्यांचे पैसे आहेत. धंदा नव्हता असे कसे म्हणायचे?

महाराष्ट्राच्या इतर भागांत बांबूकाम म्हटले की बुरुड समाजाचे नाव पुढे येते. आपल्या सिंधुदुर्गात मात्र हे काम पिढ्यान्‌पिढ्या आपल्याच समाजाकडे होते. मालवण, कुडाळ, कणकवली, वेंगुर्ला, कुठल्याही बाजूला जा, बौद्धवाडीत एखाद्या तरी पडवीत कोयती आणि कामट्यांचा ढीग दिसतो. शेतकऱ्याला भात पाखडायला सूप लागे, तांदूळ धुवायला रोवळी लागे. शेणखत वाहायला हारा, भात साठवायला कणगी, कोंबड्या झाकायला झाल, पावसात लावणी करताना डोक्यावर इरले. किनाऱ्यावर गाबित मंडळींची रापण ओढून झाली की मासळी भरायला टोपल्या हव्यात, सुकी मासळी बाजारात न्यायलाही टोपल्याच हव्यात. आंबा मुंबईला जायचा तोही लाकडी पेट्या येण्याआधी गवत घालून करंड्यांतूनच जायचा. या किनाऱ्यावरचा कुठलाही धंदा घ्या, शेती, मासळी, आंबा, तो आमच्या टोपलीत बसूनच बाजाराला गेला. हे कोणी इतिहासात लिहिले नाही, कारण टोपलीकडे कोण बघतो? बघतात ते आतल्या मालाकडे.

काम सोपे नाही. बांबू कोवळा असेल तर त्याला पोखरणारी कीड लागते, फार जून असेल तर कामटी वळत नाही, मोडते. म्हणून तीन-एक वर्षांचा बांबू बघून, पाऊस सरल्यावर आणि जाणत्यांच्या मते अंधाऱ्या पंधरवड्यात तोडायचा. आपल्याकडचा माणगा भरीव आणि सरळ, तो ताकदीच्या कामाला. बारीक विणकामाला लांब पेराचा आणि सहज चिरणारा बांबू वेगळा. तो कोयतीने उभा चिरून, पाती काढून, पायाच्या अंगठ्यात धरून तासायची. हिरव्या सालीची पात टिकाऊ, आतली पांढरी लवकर मोडते. सूप विणताना दोन्ही कुठे वापरायच्या हे हाताला कळावे लागते. शेवटी कडेला काठी घालून आवळून बांधायचे. सकाळपासून बसले तर संध्याकाळपर्यंत दोन चांगली सुपे हातावेगळी होतात. तिसरे केले तर ते विकायचे, घरात वापरायचे नाही, असे आमच्या आजीचे म्हणणे होते. हाताला कामटी लागून चिरा पडतात, त्यावर खोबरेल लावायचे आणि पुन्हा बसायचे.

आता या मालाची किंमत कशी ठरे ते सांगतो, कारण खरी गोष्ट तिथेच आहे. वाडीतल्या वयस्कर मंडळींना आम्ही विचारले तेव्हा बहुतेकांनी एकच सांगितले की रोकडा व्यवहार फार उशिरा आला. त्याआधी टोपलीची किंमत म्हणजे टोपलीभर भात. हे ऐकायला बरे वाटते. पण टोपली कोण भरणार? घेणारा. काठोकाठ भरायची की चार बोटे खाली ठेवायची, भात चांगला घालायचा की पळींज घालायचे, ते त्याच्या हातात. शिवाय बरीच सुपे-टोपल्या नुसत्या गावकीच्या हक्कापोटी द्याव्या लागत. सणाला सूप द्या, लग्नाला रोवळी द्या, आणि सुगीला खळ्यावर जाऊन जे मिळेल ते पदर पसरून घ्या. माल करणाऱ्याने भाव सांगायचा नाही, हाच त्या व्यवहाराचा पहिला नियम. बांबू कोणाचा? ज्याची जमीन त्याचा. कोठे खोत, कोठे गावकर, कोठे इनामदार. आमची फक्त कोयती. कच्चा माल दुसऱ्याचा, भाव दुसऱ्याचा, माप दुसऱ्याचे आणि श्रम तेवढे आमचे, याला धंदा म्हणायचे की वेठ?

आणि विटाळ होताच. एका आजीने सांगितलेली गोष्ट आम्ही तिच्याच शब्दांत देतो. भाद्रपदात ती आईबरोबर सुपे घेऊन गावात जायची. अंगणाच्या कडेला उभे राहून हाक द्यायची, "वहिनीनू, सुपा व्हयी काय?" आतून उत्तर यायचे, "थंयच ठेव." मग घरातली बाई येऊन सुपावर पाणी शिंपडायची आणि ते आत न्यायची. पैसे दुरून टाकायची. त्याच सुपात मग गौरीचा ओवसा भरला जाई! आपल्या कोकणात नव्या सुनेच्या पहिल्या ओवशाला कोरी सुपेच लागतात. तान्हे मूल सुपात घालतात, तांदूळ सुपात पाखडून देवाला दाखवतात. आमच्या मांडीवर, आमच्या पायाच्या अंगठ्यात धरून विणलेले सूप चार थेंब पाण्याने शुद्ध होत असे. सूप विणणारा माणूस मात्र समुद्रात बुडवून काढला तरी शुद्ध होत नसे.

हा धंदा पहिल्यापासून असाच हीन होता काय? आम्हालाही तसेच वाटत होते. परंतु आपल्या धम्माच्या इतिहासात याचे वेगळे उत्तर सापडते आणि ते आपल्या मुलांना माहीत असलेच पाहिजे. पुणे जिल्ह्यातील जुन्नर येथे बौद्ध लेण्यांचा मोठा समूह आहे. तेथे सुमारे अठराशे वर्षांपूर्वीचा ब्राह्मी लिपीतील एक शिलालेख आहे. त्यात एका दात्याने भिक्खुसंघासाठी ठेव ठेवल्याची नोंद आहे. ही ठेव कोणाकडे ठेवली? काही भाग कासारांच्या श्रेणीकडे आणि काही भाग वंसकारांच्या श्रेणीकडे. वंस म्हणजे वंश, म्हणजे बांबू. वंसकार म्हणजे बांबूकाम करणारे! श्रेणी म्हणजे एका धंद्यातल्या लोकांचा संघ. तो मालाचा दर्जा बघे, व्यवहार सांभाळे आणि लोकांच्या ठेवी घेऊन त्यावर व्याज देई. आजच्या भाषेत बोलायचे तर ती त्या लोकांची सहकारी सोसायटी आणि पतपेढी एकत्रच होती.

श्रेणीचा व्यवहार किती चोख होता हे नाशिकच्या लेण्यांतील लेखावरून कळते. नहपान राजाचा जावई उषवदात याने तेथील भिक्खूंसाठी तीन हजार कार्षापणांची ठेव ठेवली. त्यातली दोन हजार विणकरांच्या एका श्रेणीकडे दरमहा शेकडा एक व्याजाने आणि एक हजार दुसऱ्या विणकर श्रेणीकडे दरमहा शेकडा पाऊण व्याजाने. मूळ रक्कम कधीच परत मागायची नाही, फक्त व्याज खर्चायचे. दोन हजारांचे वर्षाचे व्याज होते दोनशे चाळीस. त्यातून वर्षावास करणाऱ्या वीस भिक्खूंना चीवरासाठी प्रत्येकी बारा कार्षापण. हिशेब करून बघा, बारा विसे दोनशे चाळीस, बरोबर जुळतो. दगडात कोरलेला हिशेब आहे, खाडाखोड नाही. त्याच लेखात चिखलपद्र गावच्या आठ हजार नारळींच्या दानाचाही उल्लेख आहे, हे आम्ही आपल्या किनाऱ्यावरच्या वाचकांसाठी मुद्दाम नोंदवतो.

जुन्नरचे ते वंसकार आमचे पूर्वज होते असा दावा आम्ही करत नाही. तसा पुरावा नाही आणि पुराव्याशिवाय बोलणे आपल्याला शोभत नाही. पण एवढे तर खरे की बांबू विणणाऱ्या हातांवर विश्वास टाकून लोक पैसे ठेवत होते. सांगण्याचा मुद्दा एवढाच की धंदा तोच, कोयती तीच, कामटी तीच. बदलली ती व्यवहाराची रीत. जुन्नरच्या वंसकाराला श्रेणी होती, आमच्या पणजोबाला ती नव्हती. म्हणून वंसकाराकडे लोक ठेव घेऊन येत आणि आमचे पणजोबा पदर पसरून खळ्यावर जात.

मग मुंबई आली. मुंबईत पहिल्या कापड गिरणीची कंपनी १८५४ साली कावसजी दावर यांनी काढली आणि पुढच्या पन्नास वर्षांत गिरणगाव उभे राहिले. त्या गिरण्यांना माणसे पुरवली ती प्रामुख्याने आपल्या कोकणाने. १९११ च्या जनगणनेत मुंबईच्या गिरणी कामगारांपैकी जवळजवळ निम्मे रत्नागिरी जिल्ह्यात जन्मलेले होते. तेव्हा सिंधुदुर्ग वेगळा नव्हता, तो १ मे १९८१ रोजी झाला. मालवण, देवगड, वेंगुर्ला बंदरांतून आगबोटी सुटायच्या आणि त्यात गावचा मराठा, भंडारी, गाबित आणि आमचा माणूस एकाच डेकवर बसून जायचा. बोटीतून उतरले की प्रत्येकाचे खाते वेगळे.

गिरणीत भरती जॉबर करी. तो आपल्या गावचा, आपल्या नात्याचा, आपल्या जातीचा माणूस आधी घेई. मालकाला उत्पादनाशी मतलब, म्हणून तो त्यात पडत नसे. आमच्या माणसांना काम मिळे ते त्रासन खात्यात, म्हणजे सूत कातण्याच्या रिंग खात्यात, नाहीतर झाडलोट आणि हमालीत. साचे खाते, म्हणजे कापड विणण्याचे खाते, आमच्यासाठी बंद होते. आणि सर्वात जास्त पगार मिळे तो त्याच खात्यात, कारण तेथे मजुरी उत्पादनावर होती.

बंदीचे कारण काय सांगत? धोटा. धोट्यातली कांडी संपली की विणकर नवी कांडी घाली आणि धोट्याच्या भोकातून सुताचे टोक तोंडाने ओढून बाहेर काढी. अस्पृश्याने तोंड लावलेला धोटा आम्ही तोंडाला कसा लावणार, असे स्पृश्य विणकर म्हणत. म्हणजे बघा, विदर्भात आपलेच लोक हातमागावर जाडेभरडे कापड विणत आले आणि ते सगळा गाव नेसत होता. आमच्याकडे सूप विणत होते आणि त्यात ओवसा भरला जात होता. आणि मुंबईच्या गिरणीत त्याच लोकांना सुताला तोंड लावायची बंदी! तोंडाने सूत ओढण्याची ती रीत वास्तविक सगळ्यांनाच घातक होती. एकाचा आजार दुसऱ्याच्या तोंडात जाण्याचा तो सरळ रस्ता. अमेरिकेतील मॅसॅच्युसेट्स राज्याने तसल्या धोट्यांवर १९११ सालीच कायद्याने बंदी घातली. तेथे प्रश्न आरोग्याचा मानला गेला. आपल्याकडे मात्र क्षयाची भीती वाटली नाही, विटाळाची वाटली.

१९२८ च्या एप्रिलमध्ये गिरण्यांचा मोठा संप सुरू झाला. दीड लाखाच्या आसपास कामगार बाहेर पडले आणि ऑक्टोबरपर्यंत तो चालला. त्या वेळी परमपूज्य बाबासाहेबांनी संपाच्या पुढाऱ्यांना सरळ विचारले की, सगळे कामगार एक म्हणता, मग आमच्या माणसाला साचे खात्यात का घेत नाही? मालकाकडे मागण्या मागताना हीसुद्धा मागणी घाला. पुढाऱ्यांना ती मागण्यांत घ्यावी लागली. पण हा अन्याय मालकाने घातलेला नव्हता, कामगाराने कामगारावर घातलेला होता, त्यामुळे मालकाकडे मागून तो सुटणार कसा? साचे खात्याचे दार त्यानंतरही बरीच वर्षे उघडले नाही. १९३६ साली 'जातिभेद निर्मूलना'च्या भाषणात बाबासाहेबांनी मांडले की जातिव्यवस्था ही नुसती श्रमाची विभागणी नाही, ती श्रमिकांची विभागणी आहे. माणसाने धंदा बदलायचा नाही असा तिचा दंडक आहे आणि त्यामुळेच बेकारी वाढते. हे वाक्य आम्ही शाळेत पाठ केले होते. त्याचा अर्थ धोट्याची गोष्ट कळल्यावर समजला.

फेब्रुवारी १९३८ मध्ये मनमाडला अस्पृश्य रेल्वे कामगारांची परिषद झाली. ब्राह्मणशाही आणि भांडवलशाही हे कामगारांचे दोन शत्रू, असे बाबासाहेबांनी सांगितले ते याच परिषदेत. रेल्वेतही आमचा माणूस गँगमन म्हणून आयुष्य काढी. त्याला साधा पोर्टरही करत नसत. कारण पोर्टरकडून स्टेशनमास्तर घरकाम करून घेई आणि अस्पृश्य घरात चालत नसे. वाचताना हसू येते आणि लगेच जाते.

आमच्या वाडीतील एक आजोबा तीस वर्षे त्रासन खात्यात होते. बी.डी.डी. चाळीतल्या एका खोलीत गावचे बारा-चौदा जण राहत. रात्रपाळीचा उठला की दिवसपाळीचा त्याच चटईवर आडवा होई. दर महिन्याला मनीऑर्डर यायची आणि वाडीत चूल पेटायची. आम्ही लहान असताना ते सुट्टीवर आले की पडवीत बसून हमखास एखादे सूप विणायचे, हात सुटू नये म्हणून. एकदा म्हणाले, "सूप विणूक येता, पण साच्याक हात लावूक मिळाक नाय." एवढेच बोलले. पुढे कामटी तासत राहिले.

१४ ऑक्टोबर १९५६ नंतर कोकणातही दीक्षा समारंभ झाले आणि गावोगाव जुनी कामे सोडायचे ठराव झाले. मेलेले ढोर ओढणे बंद, सांगावा नेणे बंद, खळ्यावर मागणे बंद. १९५८ च्या कायद्याने वतनेही गेली, ज्यासाठी बाबासाहेबांनी १९२८ पासून कौन्सिलात विधेयक मांडून झगडा केला होता. तेव्हा वाडीत वाद झाला तो बांबूकामावरून. तरुण मंडळींचे म्हणणे की हेही जातीचेच काम, हेही सोडा. काहींनी खरोखर कोयती माळ्यावर टाकली. म्हाताऱ्यांचे म्हणणे की ढोर ओढणे ही लाचारी होती, सूप विणणे ही विद्या आहे. हक्क म्हणून फुकट द्यायचे नाही, रोकडा दाम घ्यायचा आणि विकायचे. वाडी दोन तट झाली. आज मागे वळून पाहताना आम्हाला म्हाताऱ्यांचे म्हणणे अधिक बरोबर वाटते. पण तरुणांचा राग चुकीचा होता असेही म्हणवत नाही. ज्याने अंगणाच्या कडेला उभे राहून आपल्या आईला पैसे वेचताना पाहिले त्याला सूप ही विद्या कशी दिसणार?

हाच वाद मागच्या वर्षी वेगळ्या रूपात पुन्हा आला. मंडळाच्या बैठकीत एका कॉलेजच्या मुलाने विचारले की बावीस प्रतिज्ञांत आपण गौरी-गणपती मानणार नाही म्हणतो, मग ओवशाची सुपे करून कशी विकतो? प्रश्न प्रामाणिक होता. बरीच चर्चा झाली. भगवान बुद्धांनी उपासकाला पाच व्यापार वर्ज्य सांगितले आहेत : शस्त्रांचा, प्राण्यांचा, मांसाचा, मद्याचा आणि विषाचा. सुपाचा त्यात नाही. घेणारा सुपात काय भरतो ते त्याचे त्याच्याकडे, आम्ही पूजा करत नाही, माल विकतो, असे बहुमत झाले. राजा बिंबिसाराने भगवंतांना राजगृहाजवळ पहिले दान दिले तेही वेळुवनच, म्हणजे बांबूचेच बन, अशी आठवण एका ताईंनी करून दिली. त्या मुलाचे समाधान झाले की नाही माहीत नाही, पण भाद्रपदात तो सुपे मोजायला आला होता.

मधली वर्षे वाईट गेली. १८ जानेवारी १९८२ पासून डॉ. दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली गिरण्यांचा संप सुरू झाला. अडीच लाख कामगार त्यात होते आणि तो कधी रीतसर मिटलाच नाही. मनीऑर्डरी बंद झाल्या. त्रासन खात्यातले ते आजोबा गावी परत आले आणि माळ्यावरची कोयती खाली काढली. पण तोपर्यंत बाजार बदलला होता. भाताची गिरण गावात आल्यावर घरी कांडणे-पाखडणे कमी झाले. हाऱ्याच्या जागी प्लॅस्टिकचे घमेले, इरल्याच्या जागी प्लॅस्टिकचा कागद, मासळीला प्लॅस्टिकचे क्रेट आणि थर्माकोलच्या पेट्या, आंब्याला पुठ्ठ्याचे खोके. मुंबईच्या गिरणीने नोकरी नेली आणि गावच्या गिरणीने सूप. आजोबांनी शेवटची काही वर्षे गौरीची सुपे आणि लग्नाच्या रोवळ्या एवढेच केले.

बांबूला मात्र आज पुन्हा मागणी आहे, हे आपल्या तरुणांनी समजून घ्यावे. १९२७ च्या वन कायद्यात बांबू 'झाड' मानलेला होता, त्यामुळे तो तोडण्या-नेण्याच्या भानगडी फार होत्या. २०१७ च्या दुरुस्तीने वनाबाहेरचा बांबू त्या व्याख्येतून काढला गेला. कुडाळला २००४ साली कोकण बांबू आणि केन विकास केंद्र सुरू झाले. तेथे माणग्यापासून फर्निचर आणि मोठी बांधकामे केली जातात. आपल्या जिल्ह्यातला माणगा ट्रक भरभरून घाटावर जातो. पण ट्रकात जातो तो ज्याच्या बांधावर बेट आहे त्याचा. आपल्या बहुतेक घरांकडे बांध आहे तोच चार हातांचा. म्हणजे कच्चा माल अजूनही बराचसा दुसऱ्याकडेच. महात्मा फुले महामंडळ १९७८ साली स्थापन झाले. त्याच्या कर्जातून आपल्या वाडीत रिक्षा आल्या, एक किराणा दुकान झाले. बांबूकामासाठी म्हणून एकानेही अर्ज केला नाही. लाज वाटली असेल. आम्हालाही वाटली होती, ते लपवण्यात अर्थ नाही.

तीन वर्षांपूर्वी मुंबईच्या एका व्यापाऱ्याने वाडीतून दोनशे सुपांची तोंडी ऑर्डर दिली. सहा घरांनी महिनाभर बसून सुपे विणली. गाडी घेऊन आला तेव्हा म्हणाला, भाव उतरला, एवढ्यात देता तर द्या. गौरी चार दिवसांवर आल्या होत्या. आता ती कोण घेणार? द्यावी लागली. कागद नाही, आगाऊ रक्कम नाही, सहा घरांची सहा तोंडे. त्या रात्री विहाराच्या ओट्यावर बसून सगळ्या बायका त्या व्यापाऱ्याला शिव्या देत होत्या. आमच्या मनात मात्र टोपलीभर भाताचा हिशेब घोळत होता. शंभर वर्षांत मापच बदलले, भरणारा हात तोच राहिला.

त्यानंतर विहारात एक साधी वही घातली. ऑर्डर आली की ती वाडीची, एका घराची नाही. निम्मी रक्कम आगाऊ. सूप, रोवळी, हारा, शिपतर, प्रत्येकाचा एकच भाव, कोणी परस्पर कमी करायचा नाही. दोघींनी परस्पर कमी केलाच, त्यावरून भांडणही झाले, ते मिटायला दोन पौर्णिमा लागल्या. मागच्या वर्षी नफ्यातून थोडे पैसे बाजूला काढून वाडीच्या मागच्या पडीक तुकड्यात बांबूची पंचवीस बेटे लावली. त्यातली चार गुरांनी खाल्ली. बाकीची धरली आहेत.

मागच्या भाद्रपदात भावाची यादी पहिल्यांदाच कागदावर लिहून विहाराच्या फळ्यावर लावली. जिने अंगणाच्या कडेची ती गोष्ट सांगितली होती ती आजी काठी टेकत आली. तिला वाचता येत नाही. म्हणाली, वाचून दाखव. आम्ही एकेक करून सगळे भाव वाचून दाखवले. तिने पुन्हा एकदा रोवळीचा भाव विचारला आणि मान हलवली.

"रोवळेचो भाव कमी घातलंस रे. खोड आणि परत लिव."

आम्ही खोडला आणि परत लिहिला.